बोलत्या माणसांचा चित्रकार

मोठा माणूस गेला म्हणजे त्याचीं पुस्तकें मागें उरतात. परंतु बोलतां बोलतां तो मध्येंच कसा थांबत असे, नकोसा प्रश्न कसा हंसून टाळीत असे, एखादी कल्पना सुचतांच त्याची मुद्रा कशी उजळत असे, हें सारें त्याच्याबरोबरच नाहींसें होतें. हें नाशवंत धन सांठवून ठेवण्याचा उद्योग ज्यांनीं आयुष्यभर केला, त्या प्येर-आंद्रे बूतां या फ्रेंच चित्रपटकारांची ओळख येथें करून द्यावयाची आहे.

बूतां यांचा जन्म १९३७ सालचा. वडील प्येर बूतां हे तत्त्वज्ञ व लेखक होते. मुलानें लेखणीऐवजीं कॅमेरा हातीं घेतला; पण विद्येशीं असलेलें घराण्याचें नातें तोडलें नाहीं. दूरचित्रवाणी हें त्यांचें कार्यक्षेत्र. फ्रान्सच्या तिसर्‍या सरकारी वाहिनीवरील ‘ओसेआनीक’ ही मालिका आणि पुढें ‘आर्ते’ या फ्रान्स-जर्मनीच्या संयुक्त वाहिनीवरील ‘मेट्रोपोलिस’ हा कार्यक्रम यांच्याशीं त्यांचें नांव निगडित आहे.

त्यांच्या उत्तम चित्रपटांची रीत अगदीं साधी आहे. एक खुर्ची, तींत बसलेला विचारी माणूस, आणि समोर त्याच्या तोलामोलाचा प्रश्नकर्ता, एवढेंच काय तें साहित्य. वक्ता थबकला तर कॅमेराहि थबकतो. उत्तराची घाई कोणासच नसते.

तत्त्वज्ञ जिल देल्यूझ हे दूरचित्रवाणीपासून दूर राहणारे गृहस्थ. १९८८-८९ सालीं ते बूतां यांच्या कॅमेर्‍यासमोर बसावयास राजी झाले, तें एका अटीवर: आपल्या मृत्यूनंतरच हा चित्रपट दाखवावा. प्रश्न विचारणार होत्या त्यांच्या एके काळच्या विद्यार्थिनी क्लेर पार्ने. मुलांच्या अंकलिपीप्रमाणें मुळाक्षरांचा क्रम धरून एकेका अक्षराला एकेक विषय योजिला गेला. पहिल्या अक्षराला प्राणी, ‘के’ला कांट, ‘टी’ला टेनिस, आणि शेवटच्या अक्षराला नागमोडी रेषा! असें हें संभाषण सुमारें साडेसात तास चालतें. देल्यूझ यांच्या पाठीमागील आरशांत पार्नेबाईंचें प्रतिबिंब दिसतें. त्यामुळें प्रेक्षक जणूं त्या खोलींतच बसलेला असतो. मृत्यूनंतर ऐकले जाणारे शब्द आपण आज बोलत आहों, ही जाणीव वक्त्यानें आरंभींच विनोदानें बोलून दाखविली आहे. फुप्फुसांच्या विकारानें त्यांचा श्वास जड झालेला होता. पुढें त्यांनीं अट शिथिल केली व हयातींतच प्रक्षेपणास संमति दिली. ४ नोव्हेंबर १९९५ रोजीं ते निवर्तले.

दुसरा प्रसंग चित्रपट-समीक्षक सर्ज दाने यांचा. ‘काये द्यू सिनेमा’ या नियतकालिकाचे ते एके काळचे संपादक. १९९२ सालीं एड्सच्या व्याधीनें ते मरणपंथास लागले असतां बूतां व दोमिनिक राबूर्दें यांनीं त्यांचें दीर्घ निवेदन चित्रित केलें. प्रश्नकर्ते होते लेखक रेजी दब्रे. दाने यांनीं आपल्या पित्यास कधीं पाहिलेंच नव्हतें. म्हणून फ्रेंच भाषेंतील ‘चित्रपटप्रेमी’ या शब्दावर श्लेष साधून ते स्वतःस ‘चित्रपटाचा पुत्र’ म्हणवीत, आणि तोच शब्द या चित्रपटाच्या शीर्षकांत आला आहे. त्याच वर्षीं जून महिन्यांत, अवघ्या ४८ व्या वर्षीं, दाने वारले.

येथें एक आक्षेप उभा राहतो, आणि तो खुद्द देल्यूझ यांनींच याच चित्रपटांत घेतला आहे: लेखन हें स्वच्छ, बोलणें हें मलिन. आक्षेप खोटा नाहीं. बोलण्यांत पुनरुक्ति येते, घसरणें येतें, ऐकणार्‍यास खूष करण्याचा मोहहि येतो. सिद्ध झालेला विचार पाहिजे असेल त्यानें ग्रंथच उघडावा. परंतु विचार सिद्ध होण्यापूर्वीं माणूस कसा चांचपडतो, हें ग्रंथ सांगत नाहीं. तो पक्कें भांडें दाखवितो, फिरतें चाक दाखवीत नाहीं. बूतां यांनीं तें चाक दाखविलें. विद्यार्थ्याला धीर येतो तो त्या चाकाच्याच दर्शनानें, कारण मोठ्या बुद्धीलाहि शब्द शोधावा लागतो, हें तो तेथें प्रत्यक्ष पाहतो.

२००८ सालीं मानववंशशास्त्रज्ञ क्लोद लेव्ही-स्ट्रॉस यांची जन्मशताब्दी त्यांच्या हयातींतच यावयाची होती. त्यांचें जीवन त्यांच्याच मुखानें सांगणारा चित्रपट बूतां यांनीं आनी शव्हाले यांच्यासह सिद्ध केला. २८ नोव्हेंबरला लेव्ही-स्ट्रॉस यांनीं शंभर वर्षें पूर्ण केलीं. बूतां मात्र ऑगस्टमध्येंच कॉर्सिका बेटाजवळ समुद्रांत बुडून गेले होते. दुसर्‍यांचे शब्द काळाच्या हातून सोडविणार्‍यास काळानें आधीं नेलें, आणि वृद्ध वक्ता आणखी जवळजवळ वर्षभर जगला.

बूतां स्वतः पडद्यामागेंच राहिले. पण देल्यूझ अजून श्वास सांवरीत पुढचें अक्षर घेतात, दाने अजून घाईघाईनें आपलें आयुष्य सांगतात. घरांतील वृद्धांचें बोलणें ‘मग ऐकूं’ म्हणून टाळणार्‍या प्रत्येकानें या गृहस्थाचें स्मरण ठेवावें. ऐकण्याची वेळ नेहमीं आजचीच असते.