विलंब आणि न्याय : दिल्लीतील जमिनीचे दावे

आजोबाने लावलेला जमिनीचा दावा नातवाने चालवावा, हा अनुभव आपल्या देशात नवा नाही. वाद केव्हा तरी संपावा, यासाठीच कायद्याने अपिलाला मुदत घातली आहे. १९६३ च्या मुदत अधिनियमानुसार दिवाणी हुकूमनाम्याविरुद्ध उच्च न्यायालयात ९० दिवसांत, तर इतर न्यायालयांत ३० दिवसांत अपील करावे लागते. ती उलटली की प्रतिपक्षाने आक्षेप घेतला नसला तरी अपील फेटाळले जाते. मात्र याच अधिनियमाच्या कलम ५ ने एक दार किलकिले ठेवले आहे. वेळेत न येण्यास 'पुरेसे कारण' होते असे पटवून दिल्यास न्यायालय विलंब माफ करू शकते. पुरेसे कारण कशास म्हणावे, याची व्याख्या मात्र कायद्याने केलेली नाही. ती न्यायाधीशाच्या विवेकावर सोपविली आहे.

या विवेकाची कसोटी पाहावयाची असेल तर दिल्लीकडे वळावे. राजधानीच्या नियोजित विकासासाठी १३ नोव्हेंबर १९५९ रोजी ३४,०७० एकर जमिनीच्या संपादनाची अधिसूचना निघाली. संपादनाची घोषणा १९६६ साली झाली. काही जमीनमालकांनी न्यायालयाचे दार ठोठावले ते १९७२ साली. अफलातून विरुद्ध दिल्लीचे नायब राज्यपाल या खटल्यात, १९७४ साली, सर्वोच्च न्यायालयाने त्यांची याचिका अमान्य केली. अपील आणि रिट याचिका या भिन्न गोष्टी खऱ्या. परंतु इतकी वर्षे कुंपणावर बसून राहणाऱ्यास नंतर तक्रार करता येत नाही, हे तत्त्व तेथे ठामपणे मांडले गेले.

पुढे १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादन जिल्हाधिकाऱ्यांचे प्रकरण आले. वाढवून दिलेल्या सुमारे १४ लाख रुपयांच्या भरपाईविरुद्ध शासनाचे अपील अवघे चार दिवस उशिरा दाखल झाले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो विलंब माफ केला. तांत्रिक बाबीपेक्षा खरा न्याय मोठा, आणि प्रत्येक दिवसाचा हिशेब मागणे म्हणजे अक्षरशः घटका-पळे मोजणे नव्हे, असा त्याचा आशय होता. चार दिवसांसाठी दाखविलेल्या या औदार्याचा आधार पुढे शेकडो दिवसांच्या विलंबासाठीही घेतला जाऊ लागला. २०१२ साली टपाल खात्याने ४२७ दिवसांच्या विलंबाची माफी मागितली, तेव्हा न्यायालयाने ती नाकारली. फाईल एका मेजावरून दुसऱ्या मेजावर जाण्यास वेळ लागतो, हे कारण ग्राह्य ठरले नाही; मुदतीचा कायदा शासनासही बांधतो, हे स्पष्ट झाले.

दिल्लीच्या जमिनींचा प्रश्न मात्र संपला नव्हता. २०१३ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम २४ मध्ये जुनी संपादने रद्द ठरविण्याची तरतूद होती. ताबा घेतलेला नसेल किंवा भरपाई दिलेली नसेल, यांपैकी एक गोष्ट पुरेशी आहे, असा अर्थ २०१४ साली पुणे महानगरपालिकेच्या खटल्यात लावला गेला. त्याच्या आधारे दिल्ली उच्च न्यायालयात अनेक मालक जिंकले. मार्च २०२० मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो अर्थ बदलला. ताबाही नाही आणि भरपाईही नाही, अशा दोन्ही गोष्टी असल्या तरच संपादन रद्द होते, असे ठरले. मग विकास प्राधिकरण आणि दिल्ली शासन यांनी जुन्या निकालांविरुद्ध मुदतीनंतर धाव घेतली.

मे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, ज्या निर्णयावर निकाल आधारलेला होता तो पुढे रद्दबातल झाला, एवढेच विलंबाचे पुरेसे कारण होऊ शकत नाही. तसे मानले तर कोणताही निकाल कधीच अंतिम ठरणार नाही. मात्र या जमिनी सार्वजनिक कामांसाठी होत्या, हेही न्यायालयाने दृष्टिआड केले नाही. नव्या कायद्यानुसार पुन्हा संपादन करण्याचा मार्ग त्याने खुला ठेवला आणि त्यासाठी एक वर्षाची मुदत वाढवून दिली.

१९७४ साली उशीर शेतकऱ्याचा होता, २०२४ साली शासनाचा. पन्नास वर्षांच्या अंतराने दोघांनाही एकच माप लागले, यात न्यायसंस्थेचे बळ आहे. परंतु दोन्ही पक्षांची साधने सारखी नसतात. शासनाकडे विधी विभाग असतो, वकिलांची यादी असते. खेडुताला निकालाची नक्कल मिळवितानाही पायपीट करावी लागते. म्हणून विलंब माफ करताना दिवस किती गेले याबरोबरच ते कोणाचे गेले, का गेले आणि तोवर दुसऱ्याने त्या निकालाच्या भरवशावर काय उभे केले, हेही पाहिले पाहिजे. मुदतीचे प्रयोजन हक्क बुडविण्याचे नसून माणसाला आपल्या जमिनीवर निर्धास्तपणे पाय रोवता यावा, हे आहे.