मुदत संपली, गाळा कोणाचा?

(विष्णुपुरी येथे तरुणांपुढे केलेले भाषण)



आपण बसलो आहोत त्या विष्णुपुरीत वैद्यकीय महाविद्यालय आहे, अभियांत्रिकी संस्था आहे, जवळच विद्यापीठ आहे. माणसांची ये-जा असते तिथे चहा, झेरॉक्स, फळे, औषधे, पंक्चर यांची दुकाने उभी राहतात. तुमच्यापैकी अनेकांच्या घरची चूल अशाच दुकानावर पेटते. काही दुकाने खासगी जागेत असतात, काही ग्रामपंचायतीच्या, नगरपालिकेच्या किंवा महापालिकेच्या गाळ्यात. या दुसऱ्या प्रकाराला कायदा वेगळा आहे आणि बहुतेकांना ते नोटीस हातात पडल्यावरच कळते.

खासगी घरमालकाच्या भाडेकरूला महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम 1999 चे संरक्षण मिळते. पण स्थानिक संस्थेच्या मालकीच्या जागेला तो कायदा लागूच नाही. "अब्बांनी तीस वर्षे भाडे भरले, आता कोण काढणार?" हे वाक्य इथे टिकत नाही. कराराची मुदत संपली की भाडेपट्टा संपतो. त्यानंतरही संस्थेने भाडे स्वीकारले, तर फार तर महिन्या-महिन्याचे भाडेकरूपण सांगता येते, कायमचा हक्क नाही. म्हणून पावती नीट वाचा. तिच्यावर 'भाडे' लिहिले आहे की 'नुकसानभरपाई', यावर पुढची लढाई अवलंबून असते.

जळगावचे उदाहरण घ्या. तिथल्या महापालिकेच्या व्यापारी संकुलांतील दोन हजारांहून अधिक गाळ्यांची मुदत 2012 मध्ये संपली. नूतनीकरण लांबत गेले. मग बाजारभावाने भाडे आणि वर पाचपट दंड अशी बिले आली. प्रकरण उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापर्यंत गेले. 2017 मध्ये गाळे ताब्यात घेण्याचा आणि थकबाकी वसूल करण्याचा आदेश झाला. त्यानंतरही वाद वर्षानुवर्षे चालला. दुकानदार कर्जात गेला आणि महापालिकेची तिजोरीही रिकामीच राहिली.

2019 च्या नियमांनी महापालिकांच्या मालमत्तेचे वार्षिक भाडे बाजारमूल्याच्या किमान 8 टक्के ठरवले. गाळ्याचे मूल्य 10 लाख धरा. वर्षाला 80 हजार, महिन्याला जवळपास 6,700 रुपये. पंक्चर काढणाऱ्याला हे झेपेल का? राज्यभर ओरड झाली आणि 2023 मध्ये शासनाने नियम बदलून दर खाली आणला. संघटित होऊन, आकडे मांडून बोलले तर नियम बदलतात, हा यातला धडा आहे.

आता थोडे कडू बोलतो. वक्फच्या जागेवर कोणी जुन्या नाममात्र भाड्यात बसला असेल तर आपल्याला राग येतो. ती यतीमांची, गरिबांची अमानत आहे, असे आपण म्हणतो. मग नगरपालिकेचा गाळा कोणाची अमानत आहे? त्या भाड्यातूनच नाल्या साफ होतात, दिवे लागतात. गाळा दोनशे रुपयांत घ्यायचा, पोटभाडेकरूला पाच हजारांत द्यायचा आणि कारवाई आली की गरिबीचे कारण पुढे करायचे, हे चालणार नाही. यात भरडला जातो तो पोटभाडेकरू. पगडी त्याने दिली, धंदा त्याचा, पण कागदावर त्याचे नाव कुठेच नाही. आणि तो बऱ्याचदा आपल्यातलाच असतो.

म्हणून आपली मागणी दोन्ही बाजूंनी सरळ असावी. संस्थेने मुदत संपण्यापूर्वी निर्णय घ्यावा, दर कसा काढला ते लेखी द्यावे, मागील थकबाकीला हप्ते द्यावेत, जो प्रत्यक्ष दुकान चालवतो त्याचे म्हणणे ऐकावे. लिलाव करायचाच असेल तर जाहीर करावा, कोणाचा धर्म किंवा पक्ष पाहून नव्हे. दुकानदाराने वाजवी भाडे भरावे आणि गाळा परस्पर विकू नये.

उद्यापासून करायचे काम छोटे आहे. घरी जाऊन करारनामा शोधा. त्यावर नाव कोणाचे, मुदत कधीपर्यंत, नोंदणी झाली आहे का, ते पाहा. करार सापडला नाही तर माहितीच्या अधिकारात प्रत मागा, सोबत मंजुरीचा ठरावही मागा. जागा ग्रामपंचायतीची असेल तर जिल्हा परिषदेची मंजुरी होती का, तेही विचारा. मुदत संपण्याच्या सहा महिने आधी नूतनीकरणाचा अर्ज द्या आणि पोच घ्या. भाडे रोखीने कोणाच्या हातात देऊ नका. महापालिकेची नोटीस आली तर घाबरून घरात ठेवू नका, लेखी उत्तर द्या. बेदखलीच्या आदेशाविरुद्ध जिल्हा न्यायाधीशांकडे अपील करता येते, पण त्याची मुदत थोडी असते.

देण्याघेण्याचा व्यवहार लिहून ठेवा, साक्षीदार ठेवा, ही शिकवण आपल्याला सूरह बकरामध्येच मिळाली आहे. ती आपण तोंडी पाठ करतो. दुकानाच्या कागदांतही ती दिसू द्या.