अध्यक्षांचं मत विरोधात



आत्ता माझी ओळख करून देताना स्वागताध्यक्षांनी सांगितलं की, शिवछत्रपतींच्या अश्वारूढ पुतळ्याच्या ठरावाला मी अध्यक्ष म्हणून आशीर्वाद देणार आहे. हे त्यांना कुणी सांगितलं कोण जाणे, मी तरी नाही. ठराव विषयपत्रिकेवर आहे, तो रीतसर मांडला जाईल, त्यावर मतदान होईल. पण अध्यक्षांनी आयत्या वेळी दगा दिला असं उद्या कुणी म्हणायला नको, म्हणून आधीच सांगून टाकतो. मी या ठरावाच्या विरोधात आहे, आणि पुढची काही मिनिटं तुम्हाला तेच ऐकावं लागणार आहे.

ठरावाचा मसुदा माझ्या हातात आहे. पहिलंच वाक्य असं: ‘ही सभा एकमताने ठरवते की...’ अहो, सभा अजून भरते आहे, मागच्या रांगेतली मंडळी चहा घेताहेत, आणि एकमत झालंसुद्धा! पुढे म्हटलं आहे की पुतळा कोलकात्यात सर्वांत उंच असावा, तलवार उगारलेली असावी आणि ‘या शहराला मराठी माणसाची ओळख पटावी’. हे शेवटचं वाक्य लिहिणाऱ्याला ओळखतो मी. भला माणूस आहे. पण त्याने एकदा बागबाजारात चक्कर मारून यावी. तिथे एका गल्लीचं नाव आजही ‘मराठा डिच लेन’ असं आहे.

या शहराला आपली ओळख पावणेतीनशे वर्षांपूर्वीच पटलेली आहे. 1742 मध्ये नागपूरकर भोसल्यांचे स्वार भास्करराम कोल्हटकरांच्या हाताखाली बंगालात उतरले. त्यांच्या धास्तीने इथल्या रहिवाशांनी शहराभोवती खंदक खणायला घेतला. सात मैलांचा बेत होता, निम्माही पुरा झाला नाही, कारण मराठे कलकत्त्यापर्यंत आलेच नाहीत. पुढे तो बुजवला आणि सर्क्युलर रोड झाला. आज आपण ट्रॅफिकमध्ये अडकतो ते आचार्य प्रफुल्लचंद्र रोड आणि जगदीशचंद्र बोस रोड हे त्या खंदकाचे वारस. कलकत्ता वाचलं, पण बर्दवान, बीरभूम, मेदिनीपूर वाचलं नाही. बर्ग्यांनी, म्हणजे याच मराठा स्वारांनी, गावं कशी जाळली, बायकांचं काय केलं, हे कवी गंगारामने ‘महाराष्ट्र पुराणा’त लिहून ठेवलं आहे. इथल्या आया मुलांना निजवताना अजून बर्ग्यांची भीती घालतात. शिवाजीमहाराज 1680 मध्ये गेले, बंगालच्या स्वाऱ्या त्यानंतर साठ वर्षांनी झाल्या, त्यांचा दोष महाराजांवर येत नाही. मान्य, शंभर वेळा मान्य. पण पुतळा काही तारखा सांगत नाही. घोड्यावर बसून तलवार उगारलेल्या मराठा स्वाराच्या धास्तीनेच या शहराने खंदक खणायला घेतला होता, आणि तोच स्वार आपण चौकात नेऊन उभा करणार! वर म्हणणार, ओळख पटावी.

‘मग काय, महाराजांचं नावच घ्यायचं नाही का?’ असं कुणीतरी मनातल्या मनात पुटपुटतंय, मला ऐकू येतंय. घ्या ना! पण इथे ते आधी कुणी आणि कसं घेतलं, ते तरी माहीत करून घ्या.

सखाराम गणेश देऊस्कर. देवघरजवळच्या करौं गावी 1869 साली जन्मलेला मराठी माणूस, बंगालीत लिहिणारा. 1902 पासून कलकत्त्यात शिवाजी उत्सव सुरू झाला, त्यामागे हा माणूस होता. त्याच्या ‘शिवाजीर दीक्षा’ या पुस्तिकेसाठी रवींद्रनाथांनी 1904 मध्ये ‘शिवाजी-उत्सव’ ही कविता लिहिली. खंदक खणणाऱ्या शहरातला कवी शिवाजीवर कविता लिहितो, हे काय एखाद्या ब्राँझच्या घोड्याने घडवून आणलं? देऊस्करांनी ते लेखणीने, बंगाली भाषेत, बंगाल्यांच्या शंका अंगावर घेऊन घडवलं. त्याच वर्षी त्यांचं ‘देशेर कथा’ आलं. इंग्रजांनी या देशाला कसं पिळलं याचा आकडेवारीसकट हिशेब त्यात होता. 1910 मध्ये सरकारने त्या पुस्तकावर बंदी घातली. पुतळ्यावर बंदी घालावी असं कुठल्या सरकारला वाटलेलं मला आठवत नाही. सरकारं पुतळ्यांचं अनावरण करतात.

जून 1906 मध्ये लोकमान्य टिळक, खापर्डे, मुंजे इथे उत्सवाला आले. भवानीची मूर्ती मांडून पूजा झाली. त्यावरून भांडण पेटलं. ब्राह्मो मंडळी नाराज, मुसलमान नाराज, बिपिनचंद्र पाल समर्थनाला उभे. आपल्याकडे हा प्रसंग सांगताना भांडणाचा भाग गाळतात. मला तोच भाग मोलाचा वाटतो. एका थोर पुरुषाचं स्मरण कसं करावं, त्यात कुणाला जागा असावी, कुणाची आपण नकळत हकालपट्टी करतो, यावर जाहीर सभांत आणि वर्तमानपत्रांत हुज्जत झाली. आज आपण ‘एकमताने’ लिहून मोकळे होतो.

आता या शहरातल्या सर्वांत लाडक्या पुतळ्याकडे वळतो. श्यामबाजारच्या पाच रस्त्यांच्या नाक्यावर घोड्यावरचे नेताजी. 23 जानेवारीला तिथे हार घालायला सगळे पक्ष रांगेत असतात. त्यांच्यापैकी कितीजणांना आठवतं की सुभाषबाबूंचा या देशाच्या भूमीवरचा शेवटचा उघड लढा एक स्मारक हटवण्यासाठी होता?

जून 1940 मध्ये फॉरवर्ड ब्लॉकचं अधिवेशन आपल्या नागपुरात झालं. त्यानंतर लगेच सुभाषबाबूंनी कलकत्त्यात हॉलवेल स्मारकाविरुद्ध सत्याग्रह पुकारला. 1756 मध्ये सिराजुद्दौल्याने कलकत्ता घेतलं त्या रात्री 146 माणसं एका कोठडीत कोंडली आणि त्यातली 123 गुदमरून मेली, असं इंग्रज अधिकारी हॉलवेल सांगून गेला. या आकड्यांवर इतिहासकार अजून भांडतात. हॉलवेलने उभारलेलं मूळ स्मारक एकोणिसाव्या शतकातच पाडलं गेलं होतं. लॉर्ड कर्झनने 1902 मध्ये तेच पुन्हा संगमरवरात, डलहौसी चौकात, रायटर्स बिल्डिंगच्या नाकासमोर उभं केलं. येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक बंगाल्याला ते रोज सांगत होतं, तुमचा नवाब राक्षस होता आणि आम्ही तुम्हाला सोडवायला आलो. सुभाषबाबूंनी 3 जुलै हा सिराजुद्दौला दिवस जाहीर केला आणि पहिल्या तुकडीपुढे आपण स्वतः चालणार म्हणून सांगितलं. 2 जुलैलाच त्यांना अटक झाली. पण हिंदू आणि मुसलमान तरुण एकत्र रस्त्यावर उतरले, आणि फजलुल हकांच्या सरकारला ते स्मारक हटवावं लागलं. ते फोडलं नाही कुणी. सेंट जॉन्स चर्चच्या आवारात नेऊन ठेवलं, आजही तिथे आहे. जाऊन वाचा, रागवा, वाद घाला.

याच अटकेत सुभाषबाबूंनी उपोषण केलं, डिसेंबरात सुटले, एल्गिन रोडच्या घरात नजरकैदेत राहिले आणि जानेवारी 1941 मध्ये रात्रीच्या अंधारात निघून गेले. पुढचं तुम्हाला माहीत आहे. चौकातला दगड गप्प उभा नसतो, तो रोज काहीतरी सांगत असतो, आणि जे सांगतो त्याला उत्तर देण्याचा हक्क चौकातून जाणाऱ्याला असतो, हे या माणसाला पक्कं ठाऊक होतं. त्याच माणसाला आपण घोड्यावर बसवून वादाबाहेर काढला. नेताजींबद्दल आज एक बरावाईट प्रश्न विचारून पाहा श्यामबाजारात. चहासुद्धा मिळायचा नाही.

पुतळे फोडणाऱ्यांचं मी कौतुक करतोय असं समजू नका. 1970 मध्ये नक्षलवादी पोरांनी कॉलेज स्क्वेअरमधल्या विद्यासागरांच्या पुतळ्याचं डोकं उडवलं. विद्यासागरांनी विधवाविवाहाचा कायदा व्हावा म्हणून आयुष्य झिजवलं होतं; पोरांनी त्यांचं एक पान खोडून दाखवलं असतं तर गोष्ट वेगळी. 14 मे 2019 ला निवडणुकीच्या धामधुमीत विद्यासागर कॉलेजातला त्यांचा अर्धपुतळा फुटला. कुणी फोडला यावर दोन पक्ष एकमेकांकडे बोट दाखवत राहिले, आणि दोन्हीकडून नव्या, अधिक भव्य पुतळ्याचं आश्वासन आलं. एकाने पंचधातूचा सांगितला! ज्यांच्या ‘वर्णपरिचया’तून बंगालची पोरं अक्षर शिकली, त्यांच्यावर बोलायचं तर या दोघांकडे धातूपलीकडे काही नव्हतं.

सीमेपलीकडे बांगलादेशात तर बघायलाच नको. शेख मुजीबांचे पुतळे त्यांच्या मुलीच्या सरकारने गावोगाव उभारले. 5 ऑगस्ट 2024 ला सरकार गेलं आणि त्याच दिवशी ढाक्यात मुजीबांच्या पुतळ्यांवर हातोडे पडले. सत्तेने उभारलेला बाप सत्तेबरोबर पडतो. इथे कोलकात्यात, इस्लामिया कॉलेजात शिकताना मुजीब ज्या बेकर हॉस्टेलमध्ये राहिले, तिथली 24 नंबरची खोली जपलेली आहे. तिथेही त्यांचा अर्धपुतळा बसवला, त्यावरूनही कुरबूर झाली. खोलीवरून मात्र कुणी भांडल्याचं माझ्या कानावर नाही.

एका पुतळ्यापुढे मात्र मी टोपी काढतो. मेयो रोडवरचे गांधी. देवीप्रसाद रायचौधुरींनी घडवलेला हा पुतळा 1958 मध्ये पार्क स्ट्रीटच्या तोंडाशी बसवला, तिथल्या औट्रमच्या घोड्याला हटवून. हा औट्रम म्हणजे खानदेशात भिल्ल पलटण उभारणारा इंग्रज अधिकारीच बरं का. तो आता व्हिक्टोरिया मेमोरियलच्या बागेत आहे. पुढे मेट्रोच्या खोदकामामुळे गांधींनाही तिथून उठावं लागलं. राष्ट्रपित्याला मेट्रोसाठी जागा सोडावी लागते, याचं कुणाला वाईट वाटलं असेल. मला तर गांधींच्या बाबतीत ते शोभून दिसतं. पण मी टोपी काढतो ती दुसऱ्याच कारणासाठी. शिक्षकभरतीत डावलल्या गेलेल्या उमेदवारांनी याच पुतळ्यापाशी धरणं धरलं. डिसेंबर 2023 मध्ये त्या धरण्याला 1000 दिवस झाले, त्या दिवशी एका उमेदवार बाईने तिथे मुंडण करून घेतलं. म्हणजे त्या गांधींना काम आहे! त्यांच्या पायाशी सरकारला कुणीतरी जाब विचारत होतं. आपल्या नियोजित चबुतऱ्याभोवती मसुद्यात काय आहे? कुंपण, कारंजं आणि ‘सायंकाळी 7 नंतर प्रवेश बंद’.

आता पैशाबद्दल, कारण त्याची चर्चा सगळ्यात जास्त झाली आहे. मालवणच्या राजकोटावरचा महाराजांचा 35 फुटी पुतळा 4 डिसेंबर 2023 ला उघडला आणि 26 ऑगस्ट 2024 ला कोसळला. नऊ महिनेसुद्धा झाले नव्हते. अरबी समुद्रातल्या स्मारकाचं जलपूजन 24 डिसेंबर 2016 ला झालं, अंदाज होता 3600 कोटींचा. तिथे अजून लाटाच आहेत. उंचीच्या हव्यासाने काय होतं, हे महाराष्ट्राने महाराजांच्याच नावावर दाखवून दिलं. आणि याच महाराष्ट्रात, पुण्यात, विनायक पांडुरंग करमरकरांनी घडवलेला अश्वारूढ शिवाजी 1928 पासून उभा आहे, एकसंध ओतलेला. सासवण्याचे हे करमरकर, मुंबईच्या जे. जे.तून बाहेर पडल्यावर सुरेंद्रनाथ टागोरांच्या बोलावण्यावरून याच कलकत्त्यात येऊन काम करत होते. तेव्हा पुतळाच हवा असेल तर तोही नीट करायची विद्या आपल्याकडे होती. आपल्या समितीने मात्र शिल्पकार ठरवायच्या आधी अनावरणाचे पाहुणे ठरवले आहेत.

काल एक तरुण कार्यकर्ता मला म्हणाला, ‘काका, लेक टाऊनला मॅराडोनाचा पुतळा होतो, आपल्या राजाचा का नाही?’ मी त्याला विचारलं, देऊस्करांचं ‘देशेर कथा’ वाचलंस? नाही. मराठीत मिळालं तर वाचशील? वाचेन म्हणाला. मग वर्गणीच्या पावत्या त्याच्यासाठी फाड, म्हटलं. तो हसला. पुस्तकाचं अनावरण करायला मंत्री येत नाही हे त्यालाही कळतं.

तर मी ठरावाला उपसूचना मांडतो, अध्यक्षाला मांडता येत नसेल तर नियम दाखवा. ‘एकमताने’ हा शब्द काढावा. जमलेला निधी ‘देशेर कथा’च्या मराठी आवृत्तीसाठी आणि शिवाजी उत्सवाच्या वेळच्या बंगाली-मराठी लिखाणाच्या संग्रहासाठी वळवावा. त्या संग्रहात भवानीपूजेविरुद्ध लिहिणारेही असावेत आणि गंगारामही असावा. आणि उपसूचना फेटाळून तुम्ही पुतळाच उभारणार असाल, तर चबुतऱ्यावर मराठी, बंगाली आणि उर्दूत कोरून ठेवा, की हा कुणी ठरवला, कुणी किती पैसे दिले, कुणी विरोध केला. माझं नाव त्यात आलं तरी चालेल.

हात वर करून मतदान होणार नाही. एकेकाने उठून नाव सांगायचं आणि बाजू सांगायची. चिटणीस, वही उघडा. पहिलं मत माझं, विरोधात.