लाँचर अडतो कुठे



काशीगावात मी संगणक दुरुस्तीचं काम करतो. हायवे, मेट्रोचे खांब आणि मागचा डोंगर यांच्या मधल्या या पट्ट्यात जुन्या चाळी आहेत, नव्या सोसायट्याही आहेत. अनेक घरांतला संगणक लॅमिंग्टन रोडवरून आणलेला, एखाद्या ऑफिसने वापरून काढून टाकलेला असतो. दिवसा त्यावर क्लासचा अभ्यास किंवा दुकानाची बिलं, आणि रात्री गेम. सुट्टी लागली की फोन सुरू होतात, "दादा, गेम चालू होत नाही." कधी दहावीतला मुलगा बोलत असतो, कधी त्याची आई.

मी विचारतो, "गेम चालू होत नाही, की लाँचर?" बहुतेकदा लाँचरच अडलेला असतो, आणि गेम हार्ड डिस्कवर धडधाकट पडून असतो. आज या लाँचरबद्दलच बोलायचं आहे. एरवी शांतपणे विचार करणारी माणसंसुद्धा इथे पाचव्या मिनिटाला सगळं पुसून पुन्हा टाकायला निघतात, आणि नुकसान तिथून सुरू होतं.

पूर्वी गेमची सीडी मिळायची. सीडी घालायची, सेटअप करायचा आणि खेळायचं. १२ सप्टेंबर २००३ रोजी व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने स्टीम नावाचा प्रोग्राम आणला. काउंटर-स्ट्राइकसारखे खेळ आपोआप अद्ययावत राहावेत, हा त्यामागचा एक मोठा हेतू. पुढच्याच वर्षी नोव्हेंबरात हाफ-लाइफ २ आला, तेव्हा दुकानातून डिस्क विकत आणणाऱ्यालाही स्टीमवर खातं उघडून इंटरनेटवरून परवानगी घ्यावी लागली. ती पद्धत रुजली. आज एपिक, युबिसॉफ्ट, रॉकस्टार, रायट, प्रत्येकाचा आपापला लाँचर आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने २०२० साली राजी हा खेळ काढला. आपल्या देवकथांमधून फुललेला हा सुरेख खेळ संगणकावर घ्यायचा तर तोही अशा लाँचरमधून मिळतो.

तेव्हा लाँचर हा स्वतंत्र प्रोग्राम आहे. तो तुमची ओळख पटवतो, दूरच्या सर्व्हरशी बोलतो, फाइली तपासतो आणि मग गेमला हाक मारतो. या चार कामांपैकी तो नेमका कुठे थांबला, हे आधी बघायचं. आयकॉनवर क्लिक करून काहीच घडत नाही? खिडकी उघडते, पण पांढरी किंवा काळीच राहते? लॉगिनपाशी गोल फिरत बसतं? की लॉगिन होतं, पण "प्ले" दाबल्यावर क्षणभर काहीतरी चमकतं आणि सगळं गप्प होतं? ही चार वेगळी दुखणी आहेत. फोनवर "चालत नाही" एवढंच सांगितलंत तर मला काही कळत नाही. स्क्रीनचा फोटो काढा आणि त्यावर त्रुटीचा आकडा असेल तर तो कागदावर लिहून घ्या.

क्लिक करून काहीच होत नसेल, तर लाँचर बऱ्याचदा आधीच आत अर्धवट जागा असतो. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकदम दाबा. टास्क मॅनेजर उघडेल. त्यात लाँचरच्या नावाचं जे जे दिसेल ते बंद करा आणि पुन्हा चालवून बघा. तरी नाही झालं तर संगणक रीस्टार्ट करा. मी रीस्टार्ट म्हणतोय, शटडाउन नाही. विंडोजमध्ये फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शटडाउन करताना ती आपली आतली स्थिती डिस्कवर साठवते आणि सकाळी तीच उचलते. रात्री अडलेलं सकाळी तसंच अडलेलं मिळू शकतं. रीस्टार्टमध्ये मात्र सगळं नव्याने सुरू होतं.

लॉगिनपाशी अडत असेल तर मोबाइलचा हॉटस्पॉट लावून बघा, पण त्याआधी विंडोजचे अपडेट थांबवा, नाहीतर दिवसाचा डेटा त्यातच जाईल. हॉटस्पॉटवर लाँचर उघडला तर दोष तुमच्या राउटरकडे किंवा केबलच्या जोडणीकडे आहे. संगणक उघडायची गरजच नाही. कधी दोष थेट पलीकडच्या टोकाला असतो. मे २०२० मध्ये एपिकने जीटीए फाइव्ह हा खेळ फुकट दिला आणि जगभरातून एवढी गर्दी झाली की त्यांचं दुकान काही तास कोलमडलं होतं. अशा वेळी तुम्ही इथे कितीही खटपट केलीत तरी उपयोग नाही. कंपनीच्या स्टेटस पानावर नजर टाका आणि अभ्यासाला बसा.

आता दोन कारणं जरा सावकाश सांगतो. ती लोकांच्या डोक्यात येत नाहीत आणि आपल्याकडे त्यांना खास महत्त्व आहे.

पहिलं कारण घड्याळाचं. जुन्या संगणकाच्या मदरबोर्डवर रुपयाच्या नाण्याएवढा एक सेल असतो. त्यावर सीआर २०३२ असं लिहिलेलं असतं आणि तो तीन व्होल्टचा असतो. मुख्य वीज बंद असताना तारीख आणि वेळ हाच सेल सांभाळतो. काही वर्षांनी तो संपतो. मग मेन स्विच बंद केला की संगणक तारीख विसरतो आणि थेट दहा-पंधरा वर्षं मागे जातो. लाँचर सर्व्हरशी बोलायला लागला की सर्व्हर आपलं प्रमाणपत्र दाखवतो. त्यावर अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत वैध, असं लिहिलेलं असतं. तुमच्या संगणकाच्या मते आज २०११ साल असेल, तर त्याच्या लेखी हे प्रमाणपत्र अजून सुरूच झालेलं नाही. तो ते नाकारतो. लाँचर मात्र एवढंच म्हणतो की जोडणी होत नाही. घरचे केबलवाल्याला फोन करतात, तो येतो, मोबाइलवर व्हिडिओ चालवून दाखवतो आणि निघून जातो. त्याचंही बरोबरच असतं.

इंटरनेटवरून वेळ आपोआप जुळायला नको का, असं तुम्ही विचाराल. जुळते, पण त्याला मर्यादा आहे. घरगुती विंडोजमध्ये मूळ मर्यादा १५ तासांची असते. फरक त्याहून मोठा असला की वेळ जुळवणारी सेवा तो बदल संशयास्पद धरते आणि हात लावत नाही. तेव्हा तारीख-वेळेच्या सेटिंगमध्ये जाऊन आधी आजची तारीख स्वतः घाला, मग "सिंक" दाबा. पुन्हा तेच झालं तर सेल बदला. तो थोड्याशा पैशांत मिळतो. बदलताना वीज पूर्ण तोडलेली हवी. मुलांनी हे काम मोठ्यांना शेजारी बसवूनच करावं.

दुसरं कारण मला फार जिव्हाळ्याचं आहे. नवा संगणक लावताना विंडोज विचारते, नाव काय? मूल हौसेने आपलं नाव देवनागरीत लिहितं. समजा, चिन्मय. विंडोज ते आनंदाने घेते आणि त्याच नावाचा एक फोल्डर बनवते. पुढे प्रत्येक प्रोग्राम त्या माणसाच्या सेटिंग आणि तात्पुरत्या फाइली त्या फोल्डरात ठेवतो. विंडोज २००० पासून देवनागरी लिपी विंडोजला नीट कळते. तिच्या आतलं सगळं युनिकोडमध्ये चालतं आणि त्यात प्रत्येक लिपीला जागा आहे. पण कितीतरी प्रोग्राम अजून जुन्या पद्धतीने लिहिलेले असतात. ते अक्षरांचा एक छोटा तक्ता वापरतात. रशियन, ग्रीक, थाई यांच्यासाठी विंडोजमध्ये असे जुने तक्ते आहेत. मराठी आणि हिंदीला तिने जुन्या प्रोग्रामांसाठी असा तक्ता दिलाच नाही, इथल्या लिप्या थेट युनिकोडमध्येच आल्या. त्यामुळे असा प्रोग्राम "चिन्मय" वाचायला गेला की प्रत्येक अक्षराच्या जागी त्याला प्रश्नचिन्ह मिळतं. आणि विंडोजमध्ये फाइलच्या किंवा फोल्डरच्या नावात प्रश्नचिन्ह चालतच नाही. प्रोग्राम अस्तित्वात नसलेल्या जागी फाइल शोधतो, ती सापडत नाही, आणि तो निमूट बंद पडतो. कधी इन्स्टॉलर अडतो, कधी लाँचर उघडतो पण खेळाचा पत्ताच लागत नाही. त्रुटीच्या संदेशात प्रश्नचिन्हांची रांग दिसली तर हेच झालंय असं समजा.

यावर उपाय आहे. कंट्रोल पॅनेलमधून नाव बदलून भागत नाही, कारण तिथे फक्त दिसणारं नाव बदलतं. फोल्डर पहिल्या वेळी ठरला तो ठरला. तो फोल्डर हाताने बदलू नका, त्यात खातंच मोडायची भीती असते. सेटिंगमधल्या अकाउंट्समध्ये जाऊन रोमन अक्षरांत, छोट्या नावाचं, मधे जागा न सोडता एक नवं खातं काढा. त्यात शिरून लाँचर चालवून बघा. चालला तर निदान पक्कं झालं. मग जुन्या खात्यातल्या कामाच्या फाइली आणि खेळाचे सेव्ह इकडे आणा. आणि हे सगळं झाल्यावर एक गोष्ट आवर्जून करा. कंट्रोल पॅनेलमध्ये जाऊन नव्या खात्याचं दिसणारं नाव पुन्हा देवनागरीत लिहा. फोल्डर आता रोमन नावाचाच राहतो, लाँचर खूश राहतो, आणि संगणक उघडल्यावर मुलाला आपलं नाव आपल्या लिपीत दिसतं. एक-दोन मुलांचे चेहरे मी त्या वेळी पाहिलेत, म्हणून एवढं सांगतोय. विंडोजच्या भाषेच्या सेटिंगमध्ये जगातल्या सगळ्या लिप्यांसाठी यूटीएफ-८ वापरा, असा एक पर्यायही आहे. त्यावर अजून "बीटा" लिहिलेलं असतं, आणि तो चालू केल्यावर काही जुने प्रोग्राम भलतीच अक्षरं दाखवतात. बिलांचा जुना प्रोग्राम असलेल्या दुकानाच्या संगणकावर तो मी लावत नाही.

व्हॅलोरंट खेळणाऱ्यांची अडचण निराळी. त्याच्यासोबत व्हॅनगार्ड नावाचा राखणदार प्रोग्राम येतो आणि विंडोज ११ वर तो सिक्युअर बूट आणि टीपीएम २.० या सुरक्षेच्या सोयी मागतो. व्हिडिओ पाहून मुलं थेट बायोसमध्ये, म्हणजे संगणकाच्या मूळ सेटिंगमध्ये, शिरतात आणि सिक्युअर बूट चालू करायला म्हणून बूटची पद्धतच बदलतात. डिस्कची मांडणी जुन्या पद्धतीची असेल तर मग विंडोजच उघडत नाही. बायोसला हात लावण्याआधी घरातली महत्त्वाची कागदपत्रं पेनड्राइव्हवर काढून घ्या. विंडोज ७ किंवा ८ वर स्टीम चालत नाही म्हणून येणाऱ्यांना मी सरळ सांगतो, १ जानेवारी २०२४ पासून स्टीमने त्यांचा आधार बंद केलाय. तिथे खटपट करून उपयोग नाही.

आता पुसून टाकण्याबद्दल. स्टीम अनइन्स्टॉल केलं की त्याच्याच फोल्डरातले सगळे खेळही जातात. ते "स्टीमॲप्स" नावाच्या फोल्डरात असतात. रेड डेड रिडेम्प्शन २ या एका खेळालाच १५० जीबी जागा लागते. चाळीस एमबीपीएसच्या जोडणीवर एवढं पुन्हा उतरवायला, वेग एकदाही पडला नाही असं धरलं तरी, आठ तास वीस मिनिटं लागतात. स्टीमने स्वतःच सांगितलेला मार्ग सोपा आहे. स्टीम पूर्ण बंद करा. त्याच्या फोल्डरातले "स्टीमॲप्स" आणि "युजरडेटा" हे दोन फोल्डर आणि स्टीमची मुख्य प्रोग्राम फाइल ठेवा, बाकीचं काढा आणि स्टीम पुन्हा चालवा. लागेल ते तो स्वतः आणतो. एकच खेळ बिघडला असेल तर त्या खेळाच्या प्रॉपर्टीजमध्ये फाइली तपासायचा पर्याय आहे. तिथे खराब झालेल्या तेवढ्याच फाइली नव्याने येतात.

पालकांनो, आता तुमच्यासाठी. लाँचर अडला की घाईघाईने "कस्टमर केअर नंबर" शोधू नका. स्टीमची फोनवरची मदत मुळात अस्तित्वातच नाही. त्या नावाने सापडणारा नंबर भामट्याचा असतो. तो गोड बोलतो, दुरून संगणक चालवायचं ॲप टाकायला लावतो आणि मग ओटीपी मागतो. अशाच एका ॲपच्या गैरवापराबद्दल रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २०१९ मध्येच बँकांना सावध केलं होतं. पैसे गेलेच तर क्षणही न दवडता १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा. मुलाला आधी रागावू नका, तो घाबरून गप्प बसला तर तेवढा वेळ चोराला मिळतो.

शेवटी एक विनंती पुण्या-मुंबईत खेळ आणि लाँचर बनवणाऱ्या तरुण मंडळींना. तुमच्यातले कितीतरी जण मराठी घरांतले आहेत. खेळ बाजारात आणण्याआधी तुम्ही तो अनेक संगणकांवर चालवून बघता. त्यातल्या एका संगणकावर खात्याचं नाव देवनागरीत ठेवा, जोडाक्षर आणि अनुस्वार असलेलं एखादं नाव. मग इन्स्टॉल करा, सेव्ह करा, बंद करून पुन्हा उघडा. आणि श्रोतेहो, तुमचा लाँचर देवनागरी नावामुळे अडला असेल, तर उपाय सापडल्यावरही कंपनीला कळवा. विंडोज कोणती, फोल्डरचं नाव कोणत्या लिपीत आहे आणि त्रुटीचा संदेश काय, एवढं लिहून लाँचरची लॉग फाइल सोबत जोडा.