लेखणी, पडदा आणि उपजीविका
(सुवर्णमहोत्सवानिमित्त वणी येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



सुवर्णमहोत्सवाच्या मंगल प्रसंगी संस्थेच्या गत पन्नास वर्षांच्या कार्याचा गौरव होणे स्वाभाविकच आहे. परंतु ज्या संस्थेला पुढील पन्नास वर्षांचा विचार करावयाचा असतो, तिने नव्या पिढीच्या आकांक्षांकडेही डोळसपणे पाहणे अगत्याचे ठरते. अशाच एका आकांक्षेचा येथे विचार करावयाचा आहे. बारावीत शिकणारा मुलगा किंवा पदवीच्या वर्गातील मुलगी घरी सांगते, "मला किशोरवयीन मुलांसाठी लिहायचे आहे, गोष्टींचे यूट्यूब चॅनेल चालवायचे आहे, हाच माझा व्यवसाय." व्यापारी घरात त्यावर पहिला प्रश्न उमटतो, "यावर पोट भरेल का?" हा प्रश्न उथळ नाही आणि तो विचारणारे वडील मुलांचे वैरीही नाहीत. मात्र त्याचे उत्तर टाळ्यांनी देता येत नाही, तसेच रागानेही देता येत नाही. ते हिशेबानेच द्यावे लागते.

प्रथम गावाचा वारसा पाहू. लोकनायक बापूजी अणे यांचा जन्म १८८० साली याच वणीत झाला. त्यांच्या 'तिलकयशोर्णवः' या संस्कृत महाकाव्यास १९७३ मध्ये मरणोत्तर साहित्य अकादमी पुरस्कार लाभला. बापूजी व्यवसायाने वकील होते. येथील लोकमान्य टिळक महाविद्यालयाचे प्राचार्यपद भूषविलेले राम शेवाळकर १९९४ च्या पणजी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. त्यांची रसाळ वाणी ध्वनिफितींवाटे घरोघरी पोहोचली. आजचा तरुण ज्यास 'ऑनलाइन माध्यम' म्हणतो, त्याचेच ते त्या काळातील रूप होते. शेवाळकरांचा चरितार्थ मात्र अध्यापनावर चालला. जैन वाङ्मयातील उदाहरण घ्यावयाचे तर डॉ. हीरालाल जैन यांचे घ्यावे. अमरावतीच्या किंग एडवर्ड महाविद्यालयात अध्यापन करीत असताना त्यांनी कारंजा येथील शास्त्रभांडारातील अपभ्रंश हस्तलिखिते प्रकाशात आणली. १९३९ ते १९५९ अशी दोन दशके सहकारी पंडितांसह खपून षट्खंडागमाच्या धवला टीकेचे १६ खंड त्यांनी सिद्ध केले.

या तिघांत एक समान सूत्र आहे. लेखन हे त्यांचे जीवितकार्य होते, परंतु घरखर्चाचा भार त्यांनी लेखणीवर टाकला नाही. त्यामुळेच त्यांची लेखणी कोणाची मिंधी झाली नाही.

आता प्रत्यक्ष आकडे मांडू. मराठीत पुस्तकाची आवृत्ती सर्वसाधारणपणे हजार प्रतींची मानली जाते आणि नव्या लेखकाच्या बाबतीत ती पाचशेचीही असते. पुस्तकाची किंमत २०० रुपये, मानधन शेकडा १० आणि सर्व हजार प्रती विकल्या गेल्या असे धरले, तरी लेखकाच्या हाती २० हजार रुपये येतात. त्यामागे दीड-दोन वर्षांचे श्रम असतात. आवृत्ती संपण्यास आणखी तीन-चार वर्षे लागू शकतात. पुरस्कार मिळाला म्हणजे चित्र पालटते, असेही नाही. सांगली जिल्ह्यातील नवनाथ गोरे यांच्या 'फेसाटी' या कादंबरीस २०१८ चा साहित्य अकादमी युवा पुरस्कार मिळाला. २०२० च्या टाळेबंदीत तासिका तत्त्वावरील काम थांबले, तेव्हा याच लेखकास शेतमजुरी करावी लागली. ही वार्ता महाराष्ट्राने वाचली आणि हळहळही व्यक्त केली. पुरस्काराने मान मिळतो. दरमहा धान्य भरण्याची तजवीज मात्र वेगळी करावी लागते.

किशोर-वाङ्मयापुरते पाहिले तर मराठीतील ठळक नाव भा. रा. भागवत यांचे. १९५१ साली त्यांनी 'बालमित्र' हे मासिक सुरू केले. ते काही वर्षेच चालले. परंतु मासिक थांबले म्हणून भागवत थांबले नाहीत. ज्यूल व्हर्नच्या कथा त्यांनी मराठी मुलांच्या हाती दिल्या आणि फुरसुंगीच्या बनेश फेणेला जन्म दिला. २००१ साली भागवत निवर्तले. त्यानंतर १६ वर्षांनी, २०१७ मध्ये, 'फास्टर फेणे' रुपेरी पडद्यावर आला. यातून व्यापारी समाजाने दोन गोष्टी ध्यानी घ्याव्यात. पहिली अशी की, मुलांसाठी निर्माण केलेल्या अस्सल पात्राचे आयुष्य त्याच्या निर्मात्याहून दीर्घ असते. दुसरी अशी की, अशा पात्राचे हक्क ही मालमत्ता असते. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार लेखकाच्या निधनानंतर ६० वर्षे हा हक्क टिकतो. म्हणजे भागवतांच्या लेखनावर तो २०६१ अखेरपर्यंत राहील. दुकानाची जागा वारसांना मिळते, तसाच लेखनाचा हक्कही मिळतो.

असे असूनही सौदा करताना शंभर कलमे तपासणाऱ्या घरातील मुलगा प्रकाशकाच्या करारावर न वाचता सही करतो! कायद्यानुसार हक्कांचे हस्तांतरण लेखी असावे लागते. करारात मुदत नमूद नसेल तर ती पाच वर्षांची मानली जाते, आणि प्रदेश नमूद नसेल तर तो भारतापुरताच समजला जातो. छापील पुस्तक, ई-पुस्तक, श्राव्य पुस्तक, भाषांतर आणि चित्रपट हे पाच निरनिराळे हक्क होत. जो हक्क प्रकाशक वापरणार नाही, तो त्याला देऊ नये. स्वतः पुस्तक काढावयाचे असल्यास आयएसबीएन क्रमांक भारतात विनामूल्य मिळतो. त्यासाठी मध्यस्थास पैसे मोजण्याचे कारण नाही.

आता पडद्याकडे वळू. यूट्यूबवर जाहिरातीचा वाटा मिळण्यासाठी एक हजार सदस्य आणि बारा महिन्यांत चार हजार तासांचे दर्शन, किंवा नव्वद दिवसांत लघुचित्रफितींची एक कोटी दर्शने, अशी अट आहे. ती पूर्ण झाल्यावर मोठ्या चित्रफितींच्या जाहिरात-उत्पन्नातील ५५ टक्के वाटा निर्मात्यास मिळतो. हे ऐकावयास सोपे वाटते. परंतु मुलांसाठी म्हणून नोंदविलेल्या चित्रफितींवर जानेवारी २०२० पासून व्यक्तिगत आवडीनुसार दाखविल्या जाणाऱ्या जाहिराती बंद झाल्या आणि प्रेक्षकांच्या प्रतिक्रियाही बंद झाल्या. भारताच्या २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायद्यानेही १८ वर्षांखालील मुलांवर पाळत ठेवून जाहिराती दाखविण्यास मनाई केली आहे. मुलांच्या रक्षणासाठी हे नियम योग्यच आहेत. अहिंसेचा विचार करणाऱ्या समाजाने त्यांचे स्वागतच करावे. मात्र त्याचा व्यावहारिक अर्थ असा की, मुलांसाठी काम करणाऱ्यास केवळ जाहिरातीवर विसंबता येणार नाही. शाळांतील कार्यशाळा, कथाकथन, भाषांतर, पाठ्यलेखन आणि पुस्तकांची थेट विक्री असे चार-पाच झरे जोडावे लागतात.

त्याहून मोठा धडा २९ जून २०२० चा आहे. त्या दिवशी केंद्र सरकारने टिकटॉकवर बंदी घातली. खेड्यापाड्यांतील असंख्य तरुणांनी जमविलेला प्रेक्षकवर्ग एका आदेशासरशी नाहीसा झाला. आदेश योग्य की अयोग्य, हा येथे मुद्दा नाही. भाड्याच्या जागेत थाटलेले दुकान मालक केव्हाही रिकामे करावयास सांगू शकतो, हे व्यापाऱ्यास निराळे सांगावे लागत नाही. समाजमाध्यम ही अशीच भाड्याची जागा होय. स्वतःच्या मालकीचे असते ते हस्तलिखित, हक्क आणि वाचकांशी असलेला थेट पत्रव्यवहार. म्हणून पडद्याचा उपयोग दवंडीसारखा करावा, आणि माल स्वतःच्या कोठारात ठेवावा.

तर मग तरुणाने सुरुवात कोठून करावी? याचे उत्तर बाहेर शोधण्याची गरज नाही. जैन परंपरेने स्वाध्यायाचे पाच प्रकार सांगितले आहेत : वाचना, पृच्छना, परिवर्तना, अनुप्रेक्षा आणि धर्मकथा. लेखकाच्या उमेदवारीचा याहून नेटका अभ्यासक्रम क्वचितच सापडेल. वाचना म्हणजे आधीचे सारे वाचणे. बालभारतीचे 'किशोर' मासिक १९७१ पासून निघत आहे आणि त्याचे जुने अंक आज संगणकावर विनामूल्य उपलब्ध आहेत. पृच्छना म्हणजे जाणत्यांना विचारणे आणि मुलांनाही विचारणे. लिहिलेली गोष्ट सातवीच्या वर्गात वाचून दाखवावी. मुले कोठे चुळबुळ करतात, ते पाहावे. त्याहून निर्भीड परीक्षक नाही. परिवर्तना म्हणजे पुनःपुन्हा उजळणी. लेखनाच्या संदर्भात तेच पान पाचव्यांदा लिहिण्याची तयारी. अनुप्रेक्षा म्हणजे चिंतन. आणि या चारींनंतर धर्मकथा, म्हणजे दुसऱ्यास सांगणे. आजच्या तरुणाची अडचण एवढीच आहे की, भ्रमणध्वनीने त्याला पाचवी पायरी पहिल्याच दिवशी उपलब्ध करून दिली आहे. पहिल्या चार पायऱ्या त्याला कोणीही मागत नाही. त्या त्याने स्वतःहून चढावयाच्या आहेत.

लोकभाषेत कथा सांगणे हे जैन समाजास नवे नाही. उद्द्योतनसूरींची 'कुवलयमाला' इ. स. ७७९ मधील, प्राकृतातील. लोकांना जी भाषा समजते तीत सांगावे, ही आचार्यांची रीत होती. वणीच्या आजच्या किशोराची भाषा कोणती? घरी मारवाडी, गल्लीत वऱ्हाडी, भ्रमणध्वनीवर हिंदी आणि शाळेत मराठी वा इंग्रजी. या मुलाची गोष्ट कोणत्या पुस्तकात आहे? कोळशाच्या मालमोटारींनी काळवंडलेला रस्ता, जिनिंगच्या आवारातील कापसाचे ढीग, नापिकीच्या वर्षी अचानक शाळा सोडणारा वर्गमित्र, भद्रावतीच्या केसरिया पार्श्वनाथांच्या दर्शनाची वारी, शिक्षणासाठी दूरच्या वसतिगृहात एकटी पडलेली मुलगी. सहलीत सूर्यास्तानंतर मित्र जेवावयास बसले असता चौविहार पाळणाऱ्या मुलाच्या मनात जी ओढाताण होते, ती साऱ्या जगातील किशोरांना समजेल. कारण आपले वेगळेपण कसे सांभाळावे, हा त्या वयाचा सार्वत्रिक प्रश्न आहे. अमेरिकेत एस. ई. हिंटन या मुलीने शाळेत शिकत असतानाच आपल्या गावातील मुलांच्या टोळ्यांवर कादंबरी लिहिली. १९६७ साली ती 'द आउटसायडर्स' या नावाने प्रसिद्ध झाली आणि किशोर-कादंबरीचा नवा प्रवाह तेथून दृढ झाला. तिने दूरचे काही शोधले नव्हते. जे डोळ्यांसमोर होते, तेच लिहिले होते.

या मार्गावर अणुव्रतांची कसोटी पदोपदी लागते. दुसऱ्याची गोष्ट, चित्र वा संगीत न विचारता उचलणे हे अदत्तादानच आहे. पडद्यावर ते सोपे झाले म्हणून त्याचे स्वरूप बदलत नाही. यंत्राकडून लिहून घेऊन स्वतःचे नाव घालणे हे असत्य आहे. पैसे घेऊन वस्तूची स्तुती करावयाची असेल तर ती जाहिरात आहे असे स्पष्ट सांगावे लागते. जाहिरात मानक परिषदेने २०२१ पासून तसा दंडकही घातला आहे. आणि दर्शनसंख्येचा लोभ हाही परिग्रहच. रात्री बारा वाजता आकडे मोजणारा तरुण श्रीमंत होतोच असे नाही, अस्वस्थ मात्र निश्चित होतो.

आता वडीलधाऱ्यांस दोन शब्द. दुकान उघडल्यावर पहिल्या तीन वर्षांत नफ्याची अपेक्षा कोणी करीत नाही. मग लेखनाकडूनच सहा महिन्यांत ती का करावी? मुलास पाच वर्षांची मुदत द्यावी. त्या काळात त्याने पदवी पूर्ण करावी, दुकानात अर्धा दिवस बसावे किंवा नोकरी करावी, आणि रोज ठरावीक दोन तास लिहावे. वर्षाअखेर वही समोर ठेवावी : किती लिहिले, किती प्रसिद्ध झाले, किती मिळाले, किती खर्चले. हिशेब मागण्यात अविश्वास नाही. उलट, ज्या कामाचा हिशेब घरात मांडला जातो, त्या कामास घराने व्यवसाय म्हणून मान्यता दिली, असाच त्याचा अर्थ होतो. पाच वर्षांनी मार्ग बदलावा लागला, तरी स्पष्ट लिहिणारा आणि चार लोकांसमोर नीट बोलणारा माणूस कोणत्याही पेढीवर उपयोगीच ठरतो.

संस्थेकडूनही एक अपेक्षा आहे. आहार, औषध, ज्ञान आणि अभय या चार दानांपैकी ज्ञानदानास समाजाने सदैव उच्च स्थान दिले. पूर्वीचे श्रावक ग्रंथांच्या प्रती लिहवून घेत आणि भांडारांस अर्पण करीत. त्या प्रती टिकल्या म्हणून ग्रंथ टिकले. आज त्याच भावनेने किशोर-वाङ्मयाचे एक कपाट उभारता येईल, महिन्यातून एक रविवार मुलांच्या वाचनासाठी राखता येईल, आणि दरवर्षी एका होतकरू लेखकाच्या पहिल्या पुस्तकाच्या शंभर प्रती विकत घेऊन तालुक्यातील शाळांना भेट देता येतील. शंभर प्रतींचा खर्च एखाद्या कार्यक्रमाच्या मंडपाहून कमी येतो. लेखकास त्यातून केवळ पैसे मिळत नाहीत, तर शंभर ठिकाणचे वाचक मिळतात.

"यावर पोट भरेल का?" या प्रश्नाचे उत्तर आज तरी असे द्यावे लागते : एकट्या लेखणीवर बहुधा नाही, एकट्या पडद्यावरही नाही; परंतु जोडधंद्याचा आधार, हक्कांची राखण आणि दीर्घ स्वाध्याय या तिन्हींची जोड मिळाल्यास मार्ग आहे. मागील रांगांतील युवक-युवतींनी हे उत्तर कटू मानू नये. आणि पुढील रांगांतील ज्येष्ठांनी त्यातील 'मार्ग आहे' हे दोन शब्द विसरू नयेत.

जय जिनेंद्र!