मांडवाआधीचे मौन
(सुवर्णमहोत्सवी संमेलनात केलेले भाषण)



बेंगळूरशी मराठी माणसाचे नाते शहाजीराजांच्या काळापासूनचे, म्हणजे १६३८ च्या सुमारापासूनचे आहे. त्याविषयी या व्यासपीठावरून विद्वान मंडळी बोलतीलच. आम्ही बोलणार आहोत ते केटरर, मांडववाले आणि छायाचित्रकार यांच्याविषयी. सुवर्णमहोत्सवात हा विषय किरकोळ वाटेल. पण ज्याच्या घरचे लग्न अकरा दिवसांवर आले आहे आणि केटररचा फोन लागत नाही, त्या गृहस्थाला तो किरकोळ वाटत नाही.

आनेकल हे रेशमाच्या मागांचे जुने गाव. तालुक्यात इलेक्ट्रॉनिक सिटी उभी राहिली. बोम्मसंद्र, जिगणी, अत्तिबेले येथे कारखाने आले आणि त्यांच्यामागोमाग आपल्यापैकी अनेकांची बिऱ्हाडे आली. आमच्या पुतणीचे लग्न येथल्याच एका कल्याणमंटपात करावयाचे ठरले. सोलापूर आणि बेळगावकडची मंडळी यावयाची होती. केटरर ठरला, मांडववाला ठरला, दोघांना आगाऊ रकमा पोचल्या. आणि अकरा दिवस उरले असताना दोघेही एकाएकी मुके झाले. फोनची घंटा वाजे, पण पलीकडून कोणी बोलत नसे. घरात पत्रिका वाटून झालेल्या, रुखवताची तयारी चाललेली आणि जेवण कोण करणार ते ठाऊक नाही, अशी आमची अवस्था झाली. पुतणी काही बोलत नसे; पण प्रत्येक फोननंतर आमच्या चेहऱ्याकडे पाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी आम्ही उभयता केटररचे घर शोधीत निघालो. गृहस्थ दारातच भेटले. आम्हांला पाहताच त्यांची मान खाली गेली. मोडक्यातोडक्या कानडीत आम्ही पुष्कळ रागावलो. मग त्यांच्या पत्नीने आम्हांला बसवले, ताक दिले आणि हळूहळू हकीकत कळली. त्याच मुहूर्तावर त्यांनी दुसरे काम घेतले होते. मुख्य आचारी ऐन वेळी सोडून गेला होता. आणि आमची आगाऊ रक्कम आधीच्या लग्नाची किराणा उधारी फेडण्यात संपली होती. "नाही म्हणायला तोंड नव्हते, म्हणून फोन घेतला नाही," असे ते म्हणाले.

त्या एका वाक्याने आमचा राग निम्मा उतरला. लबाडीने गप्प बसणारे असतातच. पण पुष्कळांचे मौन हे लाजेचे मौन असते. आपणही नाही का 'बघतो' म्हणून वेळ मारून नेत? कानडीत 'नोडोणा' म्हणजे 'बघू या'. दोन्ही भाषांत हा शब्द पुष्कळदा नकाराच्या जागी येतो. तो वेळीच ओळखावा, एवढेच.

या मौनाची कारणे नीट पाहिली पाहिजेत. आपल्याकडे चातुर्मासात लग्ने थांबतात; कर्नाटकात आषाढ आणि धनुर्मास वर्ज्य मानतात. त्यामुळे उरलेल्या थोड्या तिथींवर साऱ्या लग्नांची गर्दी होते. एकाच दिवशी चार घरचे बोलावणे आले की मोह होतो. पुन्हा, ज्याच्याशी आपण बोलतो तो स्वतः काम करतोच असे नाही. तो खुर्च्या एकाकडून, फुले दुसऱ्याकडून, वाढपी तिसऱ्याकडून आणतो. त्यांतला एक जरी निसटला तरी त्याला आपणांस उत्तर देता येत नाही.

गावाकडे हे का होत नसे? त्रिंबक नारायण आत्रे यांनी १९१५ साली 'गावगाडा' या ग्रंथात बलुतेदारीचे जे वर्णन केले आहे, त्यात याचे उत्तर सापडते. गावात काम करणारा आणि करवून घेणारा पिढ्यान्‌पिढ्या एकाच वेशीच्या आत राहत. तोंड चुकवायला जागाच नव्हती. त्या व्यवस्थेत अन्याय पुष्कळ होता आणि ती परत यावी असे कोणीही शहाणा माणूस म्हणणार नाही. पण वेशीच्या आतली ती ओळख गेली आणि तिच्या जागी आपण दुसरे काही आणले नाही. नुसती आगाऊ रक्कम म्हणजे ओळख नव्हे.

ओळखीच्या जागी प्रथम यावा तो कागद. लग्नाची तारीख, वेळ, पानांची संख्या, पदार्थ, प्रत्यक्ष हजर राहणाऱ्या माणसाचे नाव, आणि तो न आल्यास कोण येईल, हे मराठीत नव्हे, तर समोरच्याला वाचता येईल अशा कानडीत लिहून दोघांनी सही करावी. पैसे टप्प्याटप्प्याने आणि बँकेमार्फत द्यावे. येथील कल्याणमंटप बहुधा आदल्या सायंकाळपासून लग्नाच्या दिवशी दुपारपर्यंत मिळतो. तेव्हा गोरज मुहूर्त धरणाऱ्यांनी ते आधीच विचारून घ्यावे. आणि घरातील एकानेच सर्वांशी बोलावे. काका एक सांगतात, मावशी दुसरेच सांगतात आणि मामा रात्री दहाला तिसरे सांगतात. अशा घरचा फोन कोण उचलील?

एक महिना, पंधरा दिवस आणि आठ दिवस आधी विचारपूस व्हावी. दोन दिवस उत्तर आले नाही तर तिसऱ्या दिवशी घरी जावे. तेथेही समाधान झाले नाही तर मुदत घालून लेखी कळवावे आणि त्याच दिवशी दुसरी व्यवस्था शोधू लागावे. आशेवर घालवलेला प्रत्येक दिवस पुढे महाग पडतो.

कायद्याचेही सांगतो. २०१९ चा ग्राहक संरक्षण कायदा २० जुलै २०२० पासून अमलात आला. त्यानुसार तक्रारदार जेथे राहतो किंवा नोकरी करतो, तेथील जिल्हा आयोगाकडे तक्रार करता येते. लग्न गावी आणि बिऱ्हाड येथे, अशा आपल्यासारख्यांना ही मोठीच सोय आहे. पाच लाखांपर्यंतच्या मोबदल्याच्या व्यवहारास शुल्क नाही. तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. मात्र आयोग पैसे परत मिळवून देईल. टळलेला मुहूर्त कोणी परत देणार नाही. आणि पुरावा नसेल तर पैसेही अवघडच. आमच्या मांडववाल्याचा पत्ता शेवटपर्यंत लागला नाही. त्याला पंधरा हजार रुपये रोख दिले होते, पावती घेतली नव्हती. ते बुडाले, आणि दोष आमचा होता.

लग्न मात्र पार पडले. केटररनेच शेजारच्या गावचा एक आचारी सुचवला आणि आमची निम्मी रक्कम दोन हप्त्यांत परत केली. नव्या आचाऱ्याला मसालेभात ठाऊक नव्हता. मंडळातील भगिनी पहाटेपासून त्याच्या चुलीशी उभ्या राहिल्या. मंडळाच्या गणेशोत्सवातील पडदे आणि समया मांडवाला लागल्या. अंतरपाट दूर झाला तेव्हा पुतणीने आमच्याकडे पाहिले आणि ती हसली. त्या दिवशी आम्हांला कळले की वेशीच्या आतली जी ओळख हरवली असे आपण म्हणतो, ती या मंडळात आहे. फक्त तिला कामाला लावले पाहिजे.

म्हणून सुवर्णमहोत्सवानिमित्त आमची एक नम्र सूचना आहे. मंडळाने एक नोंदवही ठेवावी. ज्याच्या घरी कार्य होईल त्याने नंतर तीत लिहावे: कोणाला काम दिले, कोणी शब्द पाळला, कोणी पाळला नाही. निंदा नको, तारीख आणि व्यवहार तेवढा असावा. आणि प्रत्येक लग्नघराला कानडी उत्तम जाणणारे दोन सभासद मंडळाने मदतीस द्यावे.

मात्र त्या वहीत आणखी एक रकाना असावा, आणि तो आपल्यासाठी: उरलेली रक्कम आपण कोणत्या दिवशी चुकती केली? मांडव उतरल्यावर हिशेबाला आलेल्या माणसाला 'पुढच्या आठवड्यात या' म्हणून परत पाठवणारे आपल्यातही आहेत. त्याचा फोन लग्नानंतर आपण उचलत नाही, तेव्हा आपले मौनही तितकेच मोठे असते. तो रकाना आपण नीट भरला, तर या परक्या गावात आपल्या शब्दाला पत येईल, आणि पुढच्या लग्नाच्या वेळी फोन पहिल्या घंटेला उचलला जाईल.