मूकपटातलं फूल



दौंड तालुक्यातल्या यवत-केडगावच्या मळ्यांतून झेंडू-शेवंती पुण्याला गुलटेकडी मार्केटला जाते. तिथं भाव ठरतो रंगावर आणि टवटवीवर. मूकपटांच्या जमान्यात मात्र या झेंडूला कुणी विचारलं नसतं. त्या वेळच्या बहुतेक फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे. लाल गुलाब पडद्यावर काळाठिक्कर पडायचा, केशरी झेंडू मळकट करडा. काळ्याभोर अंबाड्यात उठून दिसे तो मोगरा, नाहीतर जाई. गुलाबाची सगळी मिजास कॅमेऱ्यापुढं उतरायची!

पांढऱ्या फुलाची एक गंमत होती. गजरा त्याचा आणि तिरडीवरचा हारही त्याचाच. ते कुणाच्या हातात आहे, यावर अर्थ ठरे. पडद्यावरची पाटी वाचता न येणाऱ्यालाही तो कळे.

फुलाचा अर्थ जागेनुसारही बदलतो. शिरूर तालुक्यात पाबळला मस्तानीची समाधी आहे. कुणी तिला मजार म्हणतं. समाधीवर हार वाहतात, मजारीवर फुलांची चादर चढते. एप्रिल १७४० मध्ये रावेरखेडीला बाजीराव पेशवे वारले आणि पाठोपाठ मस्तानीही. नानुभाई देसाई आणि भालजी पेंढारकर यांनी १९२५ मध्ये ‘बाजीराव मस्तानी’ काढला, तोही मूकपटच. एवढी प्रेमकहाणी, आणि बाजीरावाच्या तोंडी एक शब्द नाही!

फुलाला खरं बोलतं केलं ते चार्ली चॅप्लिननं, ‘सिटी लाइट्स’ या मूकपटात. फुलवालीच्या हातून फूल खाली पडतं, चार्ली ते उचलतो, तरी ती जमिनीवर चाचपडतच राहते. ती आंधळी आहे, हे त्याला आणि आपल्याला एकदमच कळतं. शेवटी तिला दृष्टी आलेली असते. तिच्या दुकानातून झाडून टाकलेलं फूल तो गटाराच्या कडेनं उचलतो, तिच्याकडं बघत उभा राहतो आणि पाकळ्या गळत जातात. ती हसते. भिकारी समजून ताजं फूल आणि नाणं पुढं करते. हाताला हात लागतो, तेव्हा कुठं ओळख पटते.

हे साल १९३१. आपल्याकडं त्याच वर्षी ‘आलम आरा’ हा चित्रपट बोलू लागला. फूल विकण्याचा प्रसंग चॅप्लिननं तीनशेहून जास्त वेळा चित्रित केला, अशी नोंद आहे. बोलपट काढला असता, तर नायिकेनं ‘फूल घ्या, साहेब’ म्हटलं की भागलं असतं. पण गडी हट्टाला पेटला होता, ते बरंच झालं.